नभोवाणीवरील लाकडी विद्यार्थी



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ आपण येथे जमलो आहोत, ते वर्णमाला शिकविताना आम्हांस ओठांवर बोट आडवे धरून प, फ, ब, भ, म म्हणावयास लावीत. बोट दाबले गेले, की वर्ण ओष्ठ्य! या धड्यात शब्दभ्रम कलेचे मर्म दडले आहे, हे मला फार उशिरा कळले.

शब्दभ्रमकार आवाज फेकतो, असे आपण म्हणतो. वस्तुतः आवाज कोठेही जात नाही. बाहुल्याचा जबडा हलतो, माणसाचे ओठ स्थिर राहतात आणि आपले डोळेच कानांना सांगतात, की बोलला तो बाहुला. अडचण येते ती पवर्गाची. ओठ मिटल्याखेरीज 'बाबा' म्हणता येत नाही. म्हणून कलावंत जिभेने 'दादा'च्या जवळचा ध्वनी काढतो, आणि वाक्याच्या ओघात श्रोता 'बाबा' असेच ऐकतो. (मी आरशापुढे 'पोपट' म्हणण्याचा पुष्कळ यत्न केला. 'तोतट'च्या पुढे मजल गेली नाही.)

ही कला अशी सर्वस्वी डोळ्यांसाठी. मग ती नभोवाणीवर कशी चालावी? पण चालली. जून १९५० मध्ये बीबीसीवर 'एज्युकेटिंग आर्ची' ही विनोदी मालिका सुरू झाली. आर्ची अँड्र्यूज हा पट्ट्यापट्ट्यांचा कोट घातलेला, उद्धट, खोडकर शाळकरी पोर. त्याला बोलविणारे पीटर ब्रॉ. आर्चीला शिकविण्यास येणाऱ्या मास्तरांची त्रेधा, हा मालिकेचा गाभा. टोनी हॅन्कॉकसारख्या नटाने त्या मास्तरकीतून नाव मिळविले. कोवळ्या वयातली ज्यूली अँड्र्यूजही तेथे गाऊन गेली.

या यशाचे कारण मला असे दिसते. रंगमंचावर मास्तर हाडामांसाचा आणि विद्यार्थी लाकडाचा, हा भेद क्षणभरही लपत नाही. नभोवाणीवर मात्र दोघेही निव्वळ आवाज. तेथे हॅन्कॉक जितका खरा, तितकाच आर्ची खरा. उरलेला मुलगा घरोघरची मुले आपल्या मनात घडवीत. तरीही ब्रॉ बाहुल्याला घेऊनच ध्वनिक्षेपकापुढे येत, कारण समोर प्रेक्षक बसलेले असत.

पुढे १९५६ मध्ये आर्ची दूरचित्रवाणीवर आला आणि ब्रॉ यांचे ओठ घरोघरी दिसू लागले. ते चांगलेच हलत. 'माझे ओठ हलतात का?' असे त्यांनी सहकलाकारास विचारले, तेव्हा 'आर्ची बोलतो तेव्हाच,' असे उत्तर मिळाल्याचा किस्सा सांगतात. पडद्यावर आर्चीला नभोवाणीवरचे भाग्य लाभले नाही.

चित्र आले आणि कल्पनाशक्ती मेली, असे मी वर्गात अनेक वर्षे सांगत आलो. आज मला ते मत सोडले पाहिजे. अमेरिकेत एडगर बर्गन यांचा चार्ली मॅकार्थी १९३७ पासून नभोवाणीवर गाजला. बर्गन यांचेही ओठ हलत. पण त्यावरून चार्लीच त्यांची टर उडवी, म्हणजे उणीवच बाहुल्याच्या वाह्यातपणास खाद्य पुरवी. आणि आपल्याकडे य. के. पाध्ये यांनी घडविलेला अर्धवटराव पाहा. त्यांचे पुत्र रामदास पाध्ये यांनी त्याला दूरदर्शनवर आणले, तेव्हा जवळून टिपणाऱ्या कॅमेऱ्यापुढेही भ्रम टिकला. दोष चित्राचा नव्हता. ऐकणाऱ्यांच्या कल्पनेवर विसंबून ब्रॉ यांनी पवर्गाचा अभ्यास सैल पडू दिला होता, असे मला वाटते. आमच्या गुरुजींनी त्यांच्याही ओठांवर बोट ठेवले असते.

ब्रॉ १९९९ मध्ये वारले. २००५ मध्ये आर्चीचा लिलाव झाला, तेव्हा त्याला ३४,००० पौंड किंमत आली. ज्यांनी त्याला लहानपणी ऐकले, त्यांपैकी बहुतेकांनी तो लाकडी चेहरा त्या काळी प्रत्यक्ष पाहिलाही नसेल.