पोटगीचा आदेश अमान्य? दाद कुठे मागाल

● फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ची पोटगी (१ जुलै २०२४पासून नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १४४): कौटुंबिक न्यायालयाच्या अंतिम आदेशावर अपील नाही. उच्च न्यायालयात पुनरीक्षण अर्ज करावा लागतो. मुदत ९० दिवस.

● हिंदू विवाह कायद्यातील कायमची पोटगी (कलम २५): उच्च न्यायालयात अपील. कौटुंबिक न्यायालय कायद्यात मुदत ३० दिवसांची असली, तरी मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१६मध्ये ९० दिवस ग्राह्य धरले.

● दावा चालू असतानाची पोटगी (हिंदू विवाह कायद्याचे कलम २४): आदेश अंतरिम असल्याने महाराष्ट्रात सहसा रिट याचिका केली जाते.

● संमतीचा हुकूमनामा: अपील नाही.

● कौटुंबिक हिंसाचार कायदा: दंडाधिकाऱ्यांच्या आदेशावर सत्र न्यायालयात अपील, ३० दिवसांत.

● अपील केले म्हणजे पोटगी थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते. ती देताना न्यायालय बरेचदा थकबाकीचा काही भाग भरायला लावते.

● नोकरी गेली, पगार वाढला, मुलांचा खर्च बदलला? मग अपील नको. त्याच न्यायालयात रक्कम बदलण्याचा अर्ज करावा.