चिठ्ठीवरचा आकडा

शाळा, पतपेढी, इस्पितळ, सरकारी कचेरी, कुठेही गेलात तरी एखाद्या कोपऱ्यात, बहुधा छताजवळच्या लोखंडी पेटीत, एक चपटे उपकरण बसवलेले दिसते. त्याला ओळीने खाचा, खाचांमध्ये खोचलेल्या केबली आणि लुकलुकणारे हिरवे दिवे. हा नेटवर्कचा स्विच. विजेच्या बटणाशी त्याचा संबंध नाही. इमारतीतल्या सगळ्या संगणकांचे आपापसातले बोलणे याच्यामधून जाते. हे बोलणे कुणाच्या कानावर पडावे आणि कुणाच्या पडू नये, हे ठरवण्याची एक सोय त्याच्यात असते. तिचे नाव व्हीलॅन, म्हणजे आभासी स्थानिक नेटवर्क. अनेक ठिकाणी ही सोय विकत घेतलेली असते, पण वापरलेली नसते.

ती का लागते ते आधी पाहू. ज्या इथरनेट पद्धतीवर ही नेटवर्क चालतात, ती १९७३ साली अमेरिकेत झेरॉक्स कंपनीच्या पालो आल्टो येथील संशोधन केंद्रात रॉबर्ट मेटकाफ आणि डेव्हिड बॉग्ज यांनी आकाराला आणली. त्या काळी सगळी यंत्रे एकाच केबलला जोडलेली असत आणि एकाचे बोलणे सर्वांना ऐकू जाई. पुढे स्विच आला. कोणत्या खाचेला, म्हणजे पोर्टला, कोणते यंत्र आहे हे तो लक्षात ठेवतो आणि ज्याचा निरोप त्यालाच देतो. पण काही हाका सर्वांसाठीच असतात. ‘अमुक पत्ता कोणाचा आहे?’ असे एखादा संगणक विचारतो, तेव्हा ती हाक स्विचला प्रत्येक पोर्टवर पोचवावी लागते. याला ब्रॉडकास्ट म्हणतात. यंत्रे वीस असली तर हे खपून जाते. पाचशे झाली की गोंगाट होतो. आणि गोंगाटापेक्षा मोठी अडचण अशी की, ही सगळी यंत्रे एकाच दिवाणखान्यात बसलेली असतात. कुणीही कुणाचेही दार ठोठावू शकतो.

उदाहरणासाठी दोन मजल्यांचे एक इस्पितळ घ्या. तिथे बिलांचे संगणक आहेत, रुग्णांच्या नोंदी आणि एक्स-रेची यंत्रे आहेत, नातेवाइकांसाठी वाय-फाय आहे आणि जिन्यात कॅमेरे आहेत. हे सगळे एकाच नेटवर्कवर असेल, तर बाकावर बसलेल्या एखाद्या माणसाच्या लॅपटॉपला एक्स-रेच्या यंत्रापर्यंत पोचायला मध्ये भिंतच नाही. चार कामांसाठी चार वेगळे स्विच आणि चार वेगळ्या केबली टाकता येतील, पण तेवढा खर्च कुणाला परवडत नाही.

व्हीलॅन ही त्यावरची तोड. एकाच स्विचला सांगायचे की, पहिली आठ पोर्टे बिलांची, पुढची आठ रुग्णनोंदींची, आणि या गटातली हाक त्या गटात जाऊ द्यायची नाही. पेटी एकच, पण आत भिंती उभ्या राहिल्या. ही कल्पना १९८०च्या दशकात बेलकोर या अमेरिकी संशोधन संस्थेतल्या डब्ल्यू. डेव्हिड सिन्कॉस्की यांच्या कामातून पुढे आली.

आता खरा प्रश्न येतो. खालच्या मजल्यावर एक स्विच, वरच्या मजल्यावर दुसरा आणि दोघांना जोडणारी केबल एकच. चारही गटांचे निरोप त्याच केबलमधून जाणार. मग वरच्या स्विचला कसे कळावे की, आलेला निरोप बिलांचा आहे की कॅमेऱ्याचा?

आपल्या ओळखीची लाँड्री आठवा. दुकानदार कपडे घेतो, प्रत्येक कपड्याला आकडा लिहिलेली चिठ्ठी टाचतो, आणि दहा घरांचे कपडे एकाच गाठोड्यात बांधून धुण्याच्या कारखान्यात पाठवतो. परत आल्यावर चिठ्ठी पाहून कपडे वेगळे होतात आणि चिठ्ठी काढून ज्याचे त्याला दिले जातात. चिठ्ठी लागते ती वाटेपुरती. गिऱ्हाइकाला तिच्याशी कर्तव्य नसते.

स्विच नेमके हेच करतो. या चिठ्ठीला टॅग म्हणतात. तिचा सर्वमान्य नमुना आय-ट्रिपल-ई या संस्थेने १९९८ साली ठरवला, ८०२.१क्यू हे त्याचे नाव. तोवर वेगवेगळ्या कंपन्यांच्या आपापल्या चिठ्ठ्या होत्या आणि एकीची दुसरीला वाचता येत नसे. हा टॅग अवघ्या चार बाइटचा असतो. इथरनेटच्या निरोपावर आधी घेणाऱ्याचा पत्ता असतो, मग पाठवणाऱ्याचा; त्यांच्या लगेच मागे ही चिठ्ठी घुसवली जाते. त्यामुळे निरोपाची कमाल लांबी १५१८ बाइटवरून १५२२ झाली. चारपैकी पहिल्या दोन बाइटमध्ये ‘ही चिठ्ठी आहे’ एवढीच खूण असते. उरलेल्या सोळा बिटांपैकी तीन निकडीसाठी, म्हणजे फोनवरचे बोलणे आधी सोडायचे की फाइल, हे सांगण्यासाठी. एक बिट इतर कामासाठी. आणि बारा बिट व्हीलॅनच्या आकड्यासाठी. बारा बिटांत ४०९६ आकडे बसतात. त्यातले शून्य आणि ४०९५ राखीव, म्हणून वापरायला उरतात ४०९४. आपल्या इस्पितळाला चार पुरेत.

प्रत्यक्ष मांडणी करताना माझा पहिला आग्रह असतो तो कागदाचा. संगणकाला हात लावण्याआधी तक्ता करायचा: १० बिले, २० रुग्णनोंदी, ३० पाहुण्यांचे वाय-फाय, ४० कॅमेरे; आणि कोणते पोर्ट कोणाचे. मग हे आकडे दोन्ही स्विचमध्ये नोंदवायचे. नाव काहीही द्या, ते माणसांसाठी आहे. चिठ्ठीवर फक्त आकडा जातो, म्हणून आकडा दोन्हीकडे एकच हवा.

यानंतर पोर्टांचे दोन प्रकार करायचे. ज्याला संगणक, कॅमेरा, छपाईयंत्र जोडायचे ते पोर्ट बिनचिठ्ठीचे. यंत्राकडून निरोप साधा येतो, स्विच त्याला मनातल्या मनात गट नेमून देतो, आणि यंत्राला परत देताना चिठ्ठी काढून देतो. सिस्कोच्या भाषेत हे ॲक्सेस पोर्ट. दोन स्विचमधली केबल जिथे लागते ते पोर्ट चिठ्ठीचे. सिस्को त्याला ट्रंक म्हणते. इथे सावध राहा. एचपीच्या जुन्या प्रोकर्व्ह स्विचमध्ये ट्रंक या शब्दाचा अर्थ वेगळाच आहे: अनेक केबली एकत्र बांधून एक करणे. तिथे आपल्याला हवे असलेले शब्द टॅग्ड आणि अनटॅग्ड असे आहेत. वाय-फायचे उपकरण कर्मचाऱ्यांचे आणि पाहुण्यांचे अशी दोन नावे प्रसारित करणार असेल, तर त्याच्या पोर्टवरही चिठ्ठ्या लागतात, कारण तीही गाठोड्याचीच वाट झाली.

स्वस्त स्विचमध्ये आणखी एक गाठ असते. ‘हे पोर्ट कोणत्या गटात आहे’ आणि ‘या पोर्टचा पीव्हीआयडी काय’ असे दोन रकाने वेगवेगळ्या पानांवर भरावे लागतात. पहिला रकाना बाहेर जाणाऱ्या निरोपांचा, दुसरा आत येणाऱ्या बिनचिठ्ठीच्या निरोपांचा. एकच भरला तर निरोप एका गटातून निघतो आणि उत्तर दुसऱ्या गटात शोधत बसते. गट नेमला तरी संगणक बोलत नाही, अशी तक्रार माझ्याकडे आली की मी आधी हे दुसरे पान उघडायला सांगतो.

गाठोड्यात एखादा कपडा बिनचिठ्ठीचा निघाला तर? त्यासाठी दोन्ही टोकांनी आधीच ठरवून ठेवलेले असते की, असा कपडा अमुक एका गिऱ्हाइकाचा समजायचा. याला नेटिव्ह व्हीलॅन म्हणतात आणि बहुतेक स्विचमध्ये कारखान्यातूनच तो १ या आकड्यावर ठेवलेला असतो. एका टोकाने १० मानले आणि दुसऱ्याने २०, तर बिलांचे निरोप रुग्णनोंदींत जाऊन पडतात. शिवाय एकावर एक दोन चिठ्ठ्या लावून भिंत ओलांडण्याची एक जुनी युक्तीही याच फटीतून चालते. म्हणून ट्रंकवर नेटिव्ह म्हणून कुणीच वापरत नसलेला आकडा ठेवावा, ट्रंकवरून फक्त लागतील तेवढेच आकडे जाऊ द्यावेत आणि रिकामी पोर्टे बंद करावीत.

लागतील तेवढे आकडे, ही यादी मात्र जपून हाताळायची. सिस्कोच्या स्विचमध्ये नवा गट वाढवताना आज्ञेत ‘ॲड’ हा शब्द राहिला, तर नवा आकडा यादीत मिळवला जात नाही, जुनी यादी पुसून तो एकटाच उरतो. एका संस्थेत कॅमेऱ्यांचा गट वाढवताना असेच झाले आणि वरच्या मजल्यावरचे बाकीचे सगळे काम क्षणात थांबले. दूर बसून बदल करायचे असतील तर पलीकडचा स्विच आधी, आपल्या जवळचा नंतर. नाहीतर परतीची वाट आपल्याच हाताने बंद होते. सगळे चालते आहे याची खात्री झाली की मांडणी जतन करायची, कारण वीज गेली की न जतन केलेली मांडणीही जाते.

आणखी एक गैरसमज दूर करायला हवा. चिठ्ठी म्हणजे कुलूप नव्हे. तिच्यामुळे मजकूर गुप्त होत नाही. ट्रंकच्या केबलला ज्याचा हात लागला त्याला सगळे दिसू शकते. दोन गटांना एकमेकांशी बोलायचे असेल तर ते राउटरमधून किंवा राउटरचे काम करणाऱ्या स्विचमधून बोलतात, आणि कुणाला किती सोडायचे याचे नियम तिथे लिहावे लागतात. ते नियम लिहिले नाहीत, तर भिंत उभी राहते पण तिचे दार सताड उघडे असते.

अशा भिंतींचे मोल काय, हे अमेरिकेतल्या टार्गेट या दुकानसाखळीच्या प्रकरणात दिसले. २०१३च्या नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये तिथून सुमारे चार कोटी कार्डांची माहिती चोरीला गेली. चोर आत शिरले ते शीतकरणाची कामे करणाऱ्या एका ठेकेदाराच्या पासवर्डने. सिनेटच्या समितीसाठी २०१४ साली तयार झालेल्या अहवालाने असे अनुमान काढले की, कमी महत्त्वाच्या भागातून चोर ग्राहकांच्या माहितीपर्यंत सरकू शकले, म्हणजे अतिमहत्त्वाचा भाग नीट अलग ठेवलेला नव्हता.

आपल्यापैकी कुणी शाळेचे विश्वस्त असतील, कुणी पतपेढीचे संचालक, कुणी दवाखाना चालवत असतील. तुम्हाला आज्ञा पाठ करायची गरज नाही. नेटवर्क बसवणाऱ्याला तीन प्रश्न विचारा. पाहुण्यांचे वाय-फाय आणि आमच्या नोंदी वेगळ्या आकड्यांवर आहेत का? त्या दोघांमधल्या वाटेवर कोणते नियम आहेत? आणि पोर्टांचा तक्ता कुठे आहे? मग पाहुण्यांच्या वाय-फायवर आपला फोन जोडा आणि त्यावरून बिलांचा संगणक गाठता येतो का, हे त्याच्यासमोरच तपासायला सांगा. गाठता आला, तर काम अजून पुरे झालेले नाही. पैसे चुकते करण्यापूर्वी हे पाहून घ्या, आणि तो तक्ता पेटीच्या दाराला आतून चिकटवून ठेवा.

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)