रामगढचे इमामसाहेब

हिंदी चित्रपटांत मौलवी, इमाम आणि चाचा पुष्कळ झाले. पण ‘इमामसाहेब’ म्हटले की मराठी घरांतही एकच चेहरा डोळ्यांपुढे येतो : ‘शोले’तील रहीमचाचांचा. दृष्टी गेलेली, हातात काठी, आवाज मऊ. साडेतीन तासांच्या आसपासच्या त्या चित्रपटात त्यांच्या वाट्याला मोजकेच प्रसंग आले, तरी पन्नास वर्षे झाली, लोक त्यांना विसरलेले नाहीत.

ही भूमिका करणारे ए. के. हंगल, म्हणजे अवतार किशन हंगल, काश्मिरी पंडित घराण्यातले. जन्म सियालकोटचा, बालपण पेशावरचे. तरुणपणी ते स्वातंत्र्यलढ्यात उतरले. शिंपीकाम हा पोटाचा व्यवसाय, नाटक ही आवड आणि कम्युनिस्ट चळवळ हा ध्यास. फाळणीच्या काळात ते कराचीत होते. राजकीय कामापायी तिथे तुरुंगवास भोगला आणि सुटकेनंतर १९४९ साली ते मुंबईत आले. इथे बलराज साहनी, कैफी आझमी यांच्याबरोबर ‘इप्टा’च्या रंगभूमीवर काम सुरू झाले.

चित्रपटात ते आले तेव्हा वय पन्नाशीच्या घरात होते. ‘तीसरी कसम’ १९६६ चा. ज्या वयात माणसे निवृत्तीचा हिशेब मांडू लागतात, त्या वयात त्यांची कारकीर्द सुरू झाली. नायक होण्याचा प्रश्नच नव्हता. ‘गुड्डी’, ‘अभिमान’मध्ये ते नायिकेचे वडील झाले, ‘बावर्ची’त एकत्र कुटुंबातला थोरला मुलगा, ‘नमक हराम’मध्ये कामगारांचा पुढारी. ही शेवटची भूमिका तर त्यांच्या स्वतःच्या आयुष्याच्या अगदी जवळची. दोनशेहून अधिक चित्रपट झाले. बहुतेकांत त्यांचे काम थोडे, पण भरवशाचे.

१९७५ हे साल वेगळे. सलीम-जावेद यांनी लिहिलेल्या दोन चित्रपटांत त्या वर्षी हंगल होते आणि दोन्हीकडे ते बाप होते. ‘दीवार’मध्ये पोलीस अधिकारी रवी भाकरीसाठी चोरी करून पळणाऱ्या मुलावर गोळी झाडतो. मनाला टोचणी लागते, म्हणून खाण्याचे सामान घेऊन त्याच्या घरी जातो. मुलाची आई संतापते. मात्र बाप, एक गरीब निवृत्त शिक्षक, म्हणतो की चोरी लहान असो की मोठी, चोरीच. पुढे रवी सख्ख्या भावाविरुद्ध उभा राहतो, त्याचे बळ या प्रसंगात आहे.

‘शोले’त दुःख अधिक खोल आहे. अहमदची भूमिका सचिन पिळगावकरांची. म्हाताऱ्या बापाच्या इच्छेखातर तो जबलपूरच्या विडी कारखान्यात नोकरीला निघतो आणि त्याचे प्रेतच गावात परत येते. सारे गाव गप्प. न दिसणाऱ्या बापाला त्या शांततेचाच अर्थ विचारावा लागतो. घाबरलेले गावकरी जय-वीरूला गब्बरच्या हवाली करायला निघतात, तेव्हा ज्याचे सर्वस्व गेले तोच त्यांना अडवतो. गावासाठी शहीद व्हायला मला आणखी मुलगे का दिले नाहीत, असे आज अल्लाहला विचारणार आहे, म्हणतो. अजान होते आणि तो नमाजला निघून जातो.

रमजानला सब्राचा महिना म्हणतात. सब्र म्हणजे केवळ भूक-तहान सोसणे नव्हे, किंवा अन्याय मुकाट गिळणेही नव्हे. दुःखाच्या ऐन क्षणी न्यायाची बाजू न सोडणे, हाही सब्रच. तो हंगल यांनी न ओरडता, न रडता दाखवला. हा इमाम एका पंडिताने उभा केला, पण रामगढच्या त्या मशिदीपाशी कुणाला ते खटकले नाही.

पडद्याबाहेर मात्र तसे घडले नाही. १९९३ साली पाकिस्तानी वकिलातीच्या समारंभाला हजर राहिल्याबद्दल शिवसेनेने त्यांच्यावर बहिष्कार पुकारला. जन्मगाव सीमेपलीकडे राहिलेल्या आणि त्याच देशाचा तुरुंग भोगलेल्या या माणसाला आपली निष्ठा सिद्ध करण्याची वेळ आली. काही काळ कामे बंद झाली. मग ती हळूहळू परत मिळू लागली. ‘लगान’मध्ये ते चंपानेरचे शंभूकाका झाले. २००६ साली पद्मभूषण मिळाले. पैशाची सुबत्ता मात्र आली नाही. उतारवयात औषधपाण्याची ओढाताण झाली, तेव्हा चित्रपटसृष्टीतील काही जण मदतीला धावले. २०१२ मध्ये ‘मधुबाला’ या दूरचित्रवाणी मालिकेत ते चाकांच्या खुर्चीत बसून कॅमेऱ्यासमोर आले. ते त्यांचे अखेरचे काम.

त्याच वर्षी २६ ऑगस्टला मुंबईत त्यांचे निधन झाले. रमजान ईद होऊन आठवडाही लोटला नव्हता. शेजारच्या घरातील एखादे वडीलधारे गेले, तशी हळहळ त्या दिवशी अनेक घरांत झाली. त्यांतल्या कित्येकांना त्यांचे खरे नावही ठाऊक नव्हते. रहीमचाचा गेले, एवढेच ते म्हणाले.