नक्षी शाबूत, टायर म्हातारा

सप्टेंबर २०१२ मध्ये आइल ऑफ वाइटवरच्या संगीत महोत्सवाहून लिव्हरपूलकडे परतणारी एक बस इंग्लंडमधल्या हाइंडहेडजवळ रस्ता सोडून झाडावर आदळली. बसचालक आणि दोन प्रवासी दगावले. बसचा पुढचा टायर फुटला होता. त्याच्या नक्षीची खोली कायद्यात बसणारी होती, त्यामुळे वरवर पाहणाऱ्याला त्यात खोट दिसलीच नसती. पण तो तयार होऊन साडेएकोणीस वर्षं उलटली होती. मृतांपैकी एक मुलगा १८ वर्षांचा होता, म्हणजे टायर त्याच्याहून वयानं मोठा होता. त्या मुलाच्या आईनं पुढं अनेक वर्षं लढा दिला. अखेर फेब्रुवारी २०२१ पासून ब्रिटनमध्ये लॉरी, बस आणि कोच यांच्या पुढच्या चाकांवर दहा वर्षांहून जुने टायर वापरायला बंदी आली.

जुनी गाडी बाळगणाऱ्यांमध्ये सर्वांत जास्त पसरलेला गैरसमज नेमका हाच आहे: नक्षी आहे तोवर टायर चांगला. रोज ऐंशी किलोमीटर धावणाऱ्या टॅक्सीच्या बाबतीत हा हिशेब बहुतेक वेळा जमून जातो, कारण तिथं टायर म्हातारा होण्याआधीच गोटा होतो. सोसायटीच्या आवारात उभी असलेली, रविवारी मंडईत आणि गणपतीला गावी जाणारी मारुती ८०० किंवा सँट्रो मात्र टायर झिजवतच नाही. तिचे टायर वयानं संपतात.

रबर हवेतला प्राणवायू, ओझोन, ऊन आणि उष्णता यांच्यामुळे कडक होत जातं. ते तडकू नये म्हणून त्यात मेणासारखी संरक्षक द्रव्यं मिसळलेली असतात. टायर फिरतो, दबतो, सैल होतो, तेव्हा ही द्रव्यं हळूहळू पृष्ठभागावर येतात. उभ्या गाडीत हे घडत नाही. म्हणून ‘गाडी फार चालवलीच नाही, टायर नवेच आहेत’ हे वाक्य जुनी गाडी विकणाऱ्याच्या तोंडून आलं, की खरेदीदारानं खाली वाकून टायरची बाजू नीट पाहावी. बाजूच्या भिंतीवर आणि खाचांच्या तळाशी केसासारख्या बारीक भेगा दिसल्या, तर वाटाघाटीत चार नव्या टायरची किंमत धरायलाच हवी.

वय ओळखणं सोपं आहे. टायरच्या बाजूवर डॉट या अक्षरांनी सुरू होणारी एक ओळ असते. तिच्या शेवटच्या चार अंकांतले पहिले दोन आठवडा सांगतात आणि पुढचे दोन वर्ष. ३४१९ म्हणजे २०१९ सालचा चौतिसावा आठवडा. तीनच अंक दिसले तर टायर २००० सालाच्या आधीचा. कधी कधी हे चार अंक एकाच बाजूला असतात आणि नेमकी ती बाजू गाडीच्या आत गेलेली असते. मग मोबाइलचा टॉर्च घेऊन गाडीखाली डोकावण्याला पर्याय नाही. मिशेलिन कंपनीचा सल्ला असा आहे की पाच वर्षांनंतर टायर दरवर्षी जाणकाराकडून तपासून घ्यावा आणि तयार झाल्यापासून दहा वर्षांनी तो दिसायला कितीही चांगला असला तरी बदलावा. काही गाडी उत्पादक तर सहाव्या वर्षीच बदला म्हणतात. हाच नियम स्टेपनीलाही लागू आहे. डिकीत अंधारात पडून असलेली, गाडीबरोबर आलेली मूळ स्टेपनी बऱ्याचदा गाडीतला सर्वांत जुना टायर असते.

दुकानात नवा म्हणून मिळणारा टायरही ताजा असेलच असं नाही. बारा-तेरा इंची मापांचा खप आता कमी झाला आहे, त्यामुळे असा टायर गोदामात बराच काळ पडून राहिलेला असू शकतो. पैसे देण्याआधी चारही टायरचे आकडे वाचावेत आणि दोन-तीन वर्षांपूर्वीचा माल असेल तर ताजा मागवावा. त्यात संकोच वाटण्यासारखं काही नाही. जुन्या बाजारातल्या सेकंडहँड टायरच्या बाबतीत मात्र मोह पूर्ण टाळलेला बरा. घासलेल्या टायरवर पुन्हा खाचा कोरून तो काळाकुळकुळीत करून विकला जातो. मोटारीच्या टायरमध्ये खाचांखाली रबराचा थर पातळच असतो. तो कोरला, की आतल्या पोलादी तारांच्या पट्ट्यांवर जेमतेम पापुद्रा उरतो. भारतात गाडीच्या टायरची नक्षी किमान १.६ मिलिमीटर खोल असावी लागते, आणि ती मर्यादा दाखवण्यासाठी खाचांच्या तळाशी छोटे उंचवटे दिलेले असतात. कोरलेल्या खाचेत हे उंचवटे कापले गेलेले दिसतात.

वयानंतरचा प्रश्न मापाचा. इथं ‘रुंद टायर म्हणजे जास्त पकड’ हे मत इतकं घट्ट रुजलेलं आहे, की टायरवाल्याकडे पाऊल टाकताच ‘साहेब, एक साइझ मोठा टाकून देऊ का?’ असा प्रश्न येतो.

आधी टायरवरचे आकडे. सँट्रो झिंगचा टायर १५५/७० आर १३ मापाचा. १५५ ही मिलिमीटरमधली रुंदी, ७० म्हणजे बाजूची उंची त्या रुंदीच्या ७० टक्के, आर म्हणजे रेडियल आणि १३ हा रिमचा इंचातला व्यास. पुढं ७५ टी असं लिहिलेलं असेल, तर ७५ हा भारांक: एका टायरनं ३८७ किलोपर्यंत वजन पेलावं. टी म्हणजे ताशी १९० किलोमीटरपर्यंतची वेगमर्यादा. ही दोन शेवटची चिन्हं जवळपास कुणी वाचत नाही, आणि चूक तिथंच होते.

उदाहरणार्थ, १४५/८० आर १३ हे माप अनेक छोट्या गाड्यांवर असतं आणि त्याचा भारांक ७५ असतो. ते ‘बारीक’ दिसतं म्हणून कुणी त्याच रिमवर १५५/६५ आर १३ चढवतं. टायर दहा मिलिमीटरनं रुंद झाला, रुबाब वाढला. पण त्या मापाचा भारांक साधारण ७३ असतो, म्हणजे ३६५ किलो. रुंद टायरची ताकद आधीपेक्षा कमी भरली. शिवाय बाजूची उंची घटल्यामुळे चाकाचा एकूण व्यास ५६२ मिलिमीटरवरून ५३२ वर येतो. गाडी पंधरा मिलिमीटर खाली बसते आणि आपल्याकडच्या गतिरोधकांवर सायलेन्सर टेकायला एवढं अंतर पुरतं.

उलटही होतं. सँट्रोला १७५/६५ आर १४ बसवला तर व्यास ५४७ वरून ५८३ होतो, साडेसहा टक्के वाढ. स्पीडोमीटर चाकाचे फेरे मोजतो, त्याला चाक मोठं झाल्याचा पत्ता नसतो. त्यामुळे काटा १०० वर असताना गाडी पूर्वीपेक्षा साडेसहा टक्के जास्त वेगात असते. ओडोमीटर खरं अंतर कमी दाखवतो, चढावर गिअर जड वाटतो, आणि पूर्ण वळण घेताना टायर मडगार्डच्या आतल्या अस्तरावर घासतो. व्यासातला फरक तीन टक्क्यांच्या आत ठेवावा, हा या धंद्यातला रूढ संकेत. त्याहून चांगला मार्ग म्हणजे गाडीची पुस्तिका उघडणं: त्याच मॉडेलच्या वरच्या व्हेरिएंटला कंपनीनंच मोठं माप दिलं असेल, तर ते निर्धास्त घ्यावं.

रुंदीच्या पकडीबद्दल सांगायचं, तर कोरड्या, गुळगुळीत रस्त्यावर वेगात वळताना रुंद टायरचा फायदा होतो. पावसाळ्यात साचलेल्या पाण्यावर गणित फिरतं. तेवढ्याच वजनाच्या गाडीखाली रुंद टायरला जास्त पाणी बाजूला सारावं लागतं, आणि ते जमलं नाही की चाक पाण्यावर तरंगू लागतं. पॉवर स्टिअरिंग नसलेली जुनी गाडी पार्किंग करताना जड होते ती वेगळीच, आणि मायलेजही पडतं.

मग अलॉय. ‘अलॉय हलके असतात’ हे धातूच्या बाबतीत खरं आहे, कारण ॲल्युमिनियमची घनता लोखंडाच्या साधारण एक तृतीयांश. पण ओतीव अलॉयचे दांडे मजबुतीसाठी जाड करावे लागतात आणि सोबत व्यासही वाढवलेला असतो. स्वस्तातलं चौदा इंची अलॉय मूळ तेरा इंची लोखंडी डिस्कपेक्षा जड भरू शकतं. दुकानात वजनकाटा असतोच, दोन्ही चाकं त्यावर ठेवून पाहावीत. खड्ड्यात आदळल्यावर लोखंडी डिस्क वाकते आणि ठोकून बऱ्याचदा सरळ होते. अलॉयला चीर जाते, आणि वेल्डिंग करून तेच चाक पुन्हा हायवेवर नेणं धोक्याचं.

‘चार नटांचं चाक चार नटांच्या गाडीला बसतं’ ही समजूत याहून घातक आहे. नटांची भोकं ज्या वर्तुळावर असतात त्याचा व्यास, ज्याला दुकानात पीसीडी म्हणतात, गाडीगणिक बदलतो. मारुती ८०० चा ११४.३ मिलिमीटर, सँट्रोचा १००. एवढा फरक असला तर चाक बसतच नाही, त्यामुळे चूक लगेच पकडली जाते. खरी गोची फियाटवाल्यांची. मुंबईत कुर्ल्याच्या कारखान्यात बनलेली पॅलिओ आजही हौशी मंडळींनी जिवापाड जपली आहे. तिचा पीसीडी ९८. बाजारात मात्र रेलचेल १०० च्या अलॉयची. दोन मिलिमीटरचा हा फरक डोळ्यांना दिसत नाही. बोल्ट थोडे जोर लावून आवळले की चाक बसल्यासारखं वाटतं. प्रत्यक्षात बोल्ट किंचित तिरके जातात, त्यांचं डोकं रिमवर सगळीकडून टेकत नाही, चाक मध्यावर राहत नाही. ऐंशीच्या वेगाला स्टिअरिंग थरथरतं, तीनदा बॅलन्सिंग करूनही थांबत नाही, आणि बोल्ट हळूहळू सैल होत राहतात.

मधलं भोक हबवर नेमकं बसतंय का, चाक गाडीबाहेर किती डोकावतंय, नटाचं बूड शंकूसारखं आहे की गोलाकार, हेही पाहायला हवं. चांगल्या चाकाच्या मागच्या बाजूला माप, ऑफसेट आणि उत्पादकाचं नाव ओतीवातच उमटवलेलं असतं. जेडब्ल्यूएल ही जपानी मानकाची खूणही बऱ्याच ठिकाणी दिसते. पाठ कोरी असलेलं चाक सरळ परत करावं. कायद्याचा मुद्दाही आहे. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ नुसार उत्पादकानं ठरवलेल्या मूळ तपशिलांशी विसंगत बदल करता येत नाहीत, आणि जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं हे ठामपणे सांगितलं.

ट्यूबलेस टायरला अलॉयच लागतं, हेही खरं नाही. ट्यूबलेससाठी बनलेली लोखंडी डिस्क तितकीच चालते. फक्त तिची कड गंजलेली नसावी, नाहीतर दर आठवड्याला हवा उतरते. गंज घासून रंग द्यावा. आत ट्यूब कोंबून वेळ मारून नेऊ नये, कारण ट्यूब आणि टायर एकमेकांवर घासून तापतात.

आणि आता तो गैरसमज, जो विदर्भ-मराठवाड्यात दर एप्रिलला नव्यानं ऐकू येतो: ‘ऊन वाढलंय, हवा चार पॉइंट कमी ठेवा, नाहीतर टायर फुटेल.’

तापमान दहा अंशांनी वाढलं की टायरमधला दाब साधारण दीड पीएसआयनं वाढतो. हे टायर बनवणाऱ्यांना ठाऊक असतं आणि दारालगतच्या पट्टीवर छापलेला थंड टायरचा दाब हे सगळं धरूनच ठरवलेला असतो. हवा कमी ठेवली की बाजूची भिंत प्रत्येक फेऱ्याला जास्त वाकते. वाकण्यातून उष्णता निर्माण होते, थर एकमेकांपासून सुटू लागतात आणि मग टायर फुटतो. अमेरिकेत ऑगस्ट २००० मध्ये फायरस्टोनला सुमारे ६५ लाख टायर परत मागवावे लागले. ते मुख्यतः फोर्ड एक्स्प्लोरर गाड्यांवर होते आणि त्यांची नक्षी वेगात सोलून निघत होती. चौकशीत टायरमधले दोष पुढं आलेच, पण फोर्डनं सुचवलेला २६ पीएसआय हा कमी दाबही वादाच्या केंद्रस्थानी होता. अपघातांची गर्दी होती ती टेक्सास, फ्लोरिडा, ॲरिझोना अशा तापणाऱ्या राज्यांत. २५० हून जास्त माणसं गेली.

समृद्धी महामार्गावर मोटारींना ताशी १२० ची मुभा आहे. तिथं तासन्‌तास एकाच वेगात जाताना कमी हवेच्या टायरला थंड व्हायला उसंत मिळत नाही. फुटलेल्या टायरचं खापर सिमेंटच्या रस्त्यावर फोडलं जातं, पण हवा किती होती, हा प्रश्न आधी विचारायला हवा. हवा सकाळी, गाडी दोन-तीन किलोमीटरपेक्षा जास्त न चालवता तपासावी. टायरच्या बाजूवर लिहिलेला आकडा कमाल दाबाचा असतो, तो भरायचा नसतो.

नायट्रोजनचं म्हणाल, तर साध्या हवेतही तो ७८ टक्के असतोच. अमेरिकेतल्या कन्झ्युमर रिपोर्ट्सनं ३० पीएसआय दाबाचे टायर वर्षभर ठेवून पाहिले: साध्या हवेचे सरासरी ३.५ पीएसआयनं उतरले, नायट्रोजनचे २.२ नं. फरक आहे, पण महिन्यातून एकदा हवा तपासणाऱ्याला त्यासाठी वेगळे पैसे मोजायचं कारण नाही.

बजेट दोनच टायरचं असेल तर ते ‘इंजिन पुढं, ओढ पुढं’ म्हणून पुढं टाकले जातात. टायर कंपन्या उलट सांगतात: नवे मागं. ओल्या रस्त्यावर पुढची चाकं घसरली तर गाडी सरळ जाते आणि चालक पाय काढून सावरू शकतो. मागची घसरली की गाडी गरकन फिरते, आणि सराव नसलेल्या माणसाच्या हातात काही उरत नाही.

एवढं करूनही नवे टायर सहा महिन्यांत खाल्ले गेले, तर दोष टायरचा नसतो. जुन्या गाडीत बुश, बॉल जॉइंट, शॉकअप्स थकलेले असतात, आणि ते थकलेले असताना केलेली अलाइनमेंट टिकत नाही. म्हणून उतरवलेले जुने टायर दुकानदाराला देण्याआधी ओळीनं मांडून, कोणता कुठल्या चाकाचा ते खडूनं लिहून, त्यांच्यावरून हात फिरवावा. दोन्ही कडा घासल्या असतील तर हवा कायम कमी होती, मधला पट्टा घासला असेल तर जास्त. एकच कड गेली असेल तर अलाइनमेंट किंवा बॉल जॉइंट, आणि हाताला ठिकठिकाणी खोलगट चकत्या लागल्या तर शॉकअप्स. जे सापडेल त्याचं काम आधी, नवे टायर त्यानंतर.