लोकसभेचा कारकून कोणाचा?

घटना समितीत 10 डिसेंबर 1948 रोजी प्रा. के. टी. शहा यांनी कायदेमंडळ, कार्यकारी मंडळ आणि न्यायमंडळ यांची पूर्ण फारकत करणारे कलम सुचवले आणि ते फेटाळले गेले. आपण संसदीय पद्धत स्वीकारली होती, आणि तीत मंत्री सभागृहातूनच येतात, सभागृहातच बसतात. अमेरिकी पद्धतीत स्थैर्य अधिक, संसदीय पद्धतीत जबाबदारी अधिक, असे डॉ. आंबेडकरांनी मसुदा मांडतानाच सांगितले होते. प्रश्न, ठराव, अविश्वास यांतून सरकारची रोज झडती होते. पण ज्याच्यामागे बहुमत उभे आहे त्याची झडती ते बहुमत घेणार कसे? मला वाटते, याचे उत्तर कलमांत कमी आणि पहिल्या काही वर्षांच्या रुक्ष दफ्तरी कारभारात जास्त सापडते.

साधी गोष्ट घ्या. एखाद्या सदस्याचा प्रश्न स्वीकारावा की नाही, याचे टिपण कारकून तयार करतो. त्या कारकुनाची बढती सरकारी खात्याच्या हातात असेल, तर त्याच सरकारला अडचणीत आणणाऱ्या प्रश्नावर त्याची लेखणी कुठे वळेल हे सांगायला नको. ब्रिटिश अमदानीत केंद्रीय विधानसभेचे कर्मचारी सरकारच्या विधी खात्याचेच होते. अध्यक्ष विठ्ठलभाई पटेल यांनी यावर हट्टाने भांडून जानेवारी 1929 मध्ये सभागृहासाठी स्वतंत्र विभाग मिळवला. पुढे राज्यघटनेच्या 98व्या कलमाने प्रत्येक सभागृहाला स्वतःचे सचिवालय दिले. सत्तेची विभागणी म्हटली की मोठमोठी तत्त्वे आठवतात. इथे ती नेमणुकीच्या कागदावर झाली.

विठ्ठलभाईंच्या खुर्चीवर 1946 मध्ये अवघ्या तीन मतांनी निवडून आले गणेश वासुदेव मावळंकर. बडोद्यात जन्मलेले, अहमदाबादेत वकिली केलेले हे मराठी गृहस्थ 1952 मध्ये पहिल्या लोकसभेचेही अध्यक्ष झाले. त्यांच्या कारकिर्दीत एप्रिल 1950 मध्ये अंदाज समिती आली. सरकारी खर्चात काटकसर कुठे करता येईल हे पाहणे तिचे काम, आणि मंत्र्याला तिच्यात जागा नाही. लोकलेखा समितीचे अध्यक्षपद तोवर अर्थखाते सांभाळणाऱ्याकडेच असे, म्हणजे खर्च करणाराच हिशेब तपासणार! 1950 पासून तो प्रकार थांबला. मंत्री सभागृहात ‘पाहू, करू’ म्हणून वेळ मारून नेतात, त्या शब्दांचा पाठपुरावा करण्यासाठी 1953 मध्ये आश्वासन समितीही नेमली गेली.

यावर कोणी म्हणेल, 489 पैकी 364 जागा काँग्रेसकडे होत्या, मावळंकरांनीही पक्ष सोडला नव्हता. मग हा सगळा घरचाच खेळ नव्हता का? आक्षेप पोकळ नाही. मावळंकरांनी 1950 मध्ये नेहरूंना पत्र लिहून ऊठसूट वटहुकूम काढण्याला विरोध केला आणि 1954 मध्ये तीच तक्रार पुन्हा करावी लागली, यातच त्या पत्रांना कितपत यश आले ते दिसते. डिसेंबर 1954 मध्ये तर विरोधकांनी खुद्द त्यांनाच पदावरून दूर करण्याचा ठराव आणला. तो फेटाळला गेला. पण सारे घरचेच असते, तर मुंध्रा प्रकरण घडले नसते. आयुर्विमा महामंडळाने हरिदास मुंध्रांच्या कंपन्यांत सुमारे सव्वा कोटी रुपये गुंतवले, त्याचा जाब 1957 मध्ये लोकसभेत मागितला तो सत्ताधारी बाकांवरच्या फिरोज गांधींनी. सभागृहात घेरले गेल्यावर सरकारने मुंबईचे मुख्य न्यायमूर्ती एम. सी. छागला यांची चौकशी नेमली, ती मुंबईत लोकांसमक्ष चालली, आणि फेब्रुवारी 1958 मध्ये अर्थमंत्री टी. टी. कृष्णम्माचारींना पायउतार व्हावे लागले. एका प्रकरणावरून संसद सदैव निर्भीड होती असे ठरत नाही. सरकारी पक्षाचा सदस्यही सरकारपासून वेगळा उभा राहू शकतो, एवढे मात्र ठरते.

हे वेगळेपण अर्धेच राहिले होते. लोकलेखा समितीतून मंत्री गेले तरी तिचे अध्यक्षपद पुढची कित्येक वर्षे सत्ताधारी पक्षाकडेच होते. विरोधी पक्षाच्या सदस्याला, मिनू मसानींना, ते मिळाले 1967 मध्ये. तेव्हापासून चालत आलेला हा प्रघात आजही प्रघातच आहे; राज्यघटनेत तो लिहिलेला नाही.