परगावच्या लग्नाची कोठी

तुळशीचे लग्न आटोपले म्हणजे आमच्या सुखवस्तु कुटुंबांत हल्ली पहिली चर्चा मुहूर्ताची होत नाही, ठिकाणाची होते. पुण्यामुंबईचे यजमान दोनशे आप्तेष्ट बरोबर घेऊन अलिबागेस, महाबळेश्वरास, माथेरानास, नाही तर थेट गोव्यास जातात, दोन-तीन दिवस मुक्काम ठोकतात आणि तेथे कार्य उरकून परततात. या चालीस ‘डेस्टिनेशन वेडिंग’ असे नाव आहे. ज्याची ऐपत असेल त्याने कन्यादान समुद्रकाठी करावे की स्वतःच्या अंगणात, याचा निवाडा आम्ही करीत नाही. मात्र अशा कार्यात अन्नपाण्याची जी व्यवस्था होते, किंवा होत नाही, तिच्याविषयी चार शब्द लिहिणे आम्हांस अगत्याचे वाटते.

घरच्या लग्नात काही कमी पडले तर शेजार असतो. दूध नासले तर गवळी गल्लीतच राहतो. पाहुण्यास पथ्याचे खावयाचे असेल तर मावशीच्या चुलीवर मऊ भात शिजतो. परगावी यांतले काहीच नाही. माथेरानास साध्या मोटारी दस्तुरी नाक्यापुढे जात नाहीत, तेव्हा वर न्यावयाची प्रत्येक गोणी तेथे उतरवून घ्यावी लागते. मुंबईहून मांडव्यास जाणाऱ्या प्रवासी लाँची पावसाळ्यात बंद असतात. अशा ठिकाणी पाहुण्यास आपण नेले, म्हणजे त्याच्या भुकेची, तहानेची आणि प्रकृतीची सर्व जोखीम आपल्या शिरावर आली. पाहुणा तेथे खानावळ शोधीत हिंडू शकत नाही.

ही जोखीम आमचे यजमान कशी पार पाडतात? हिशेबाने नव्हे, तर भीतीने. ‘कमी पडले तर नाक कापले जाईल’ या एकाच धास्तीपोटी दोनशे पाहुण्यांसाठी वधुपिता अडीचशेंची वर्दी देतो. ठेकेदार आपल्या सावधगिरीचे शेकडा दहा वाढवतो, ते पावणेतीनशे होतात. आचारी शिधा काढताना पुन्हा तितकेच चढवतो आणि दोनशेंचे तीनशे होतात. तिघांनीही शहाणपण केले, परंतु एकाचे दुसऱ्यास ठाऊक नाही. शुक्रवारी रात्रीपासून रविवारी दुपारपर्यंत चार भोजने धरली, तर ही चारशे ताटे जास्त झाली. माणशी पाऊणशे ग्रॅम तांदूळ धरला तरी तीस किलो तांदूळ, म्हणजे शिजून सुमारे पाऊण क्विंटल भात, जेवणाऱ्यावाचून रांधला गेला. शिवाय बुफेत वीस पदार्थ मांडले आणि प्रत्येक पदार्थ सर्वांस पुरेल इतका केला, तर या नासाडीस सीमाच राहत नाही.

आमच्या वाचकांत व्यापारी पुष्कळ आहेत. दुकानात माल भरताना खप, टिकाऊपणा आणि गोदाम या तिन्ही गोष्टी न पाहता जो एक पोतेसुद्धा उचलीत नाही, तोच गृहस्थ मुलीच्या लग्नात वही मिटून ठेवतो, याचे आम्हांस नवल वाटते. मोजणे म्हणजे कृपणता, ही समजूत आमच्या परंपरेस धरून नाही. सवाई माधवरावांच्या लग्नात पेशव्यांच्या घरी कशाची वाण होती? तरीही नाना फडणिसांनी व्यवस्थेची तपशीलवार याद आगाऊ लिहवून घेतली व कामे माणसांवर नेमून दिली. आमच्या आजोबांच्या काळीही लग्नघरी कोठी एका जाणत्या माणसाच्या ताब्यात असे व किल्ली त्याच्या जानव्यास किंवा एखाद्या आत्याबाईंच्या कमरेस असे. ही कोठीवाल्याची जागा आज रिकामी आहे. ती भरावी.

या कोठीवाल्याने काय करावे? प्रथम डोकी मोजावी, व ती दर भोजनास निराळी मोजावी; कारण शुक्रवारच्या रात्री निम्मे पाहुणे वाटेत असतात. दुसरे, मोजताना मोटारींचे चालक, वाजंत्री, मांडववाले, वाढपी यांस वगळू नये. तीनशेंचे अन्न शिजवणाऱ्या कार्यात चालक उपाशीपोटी गाडीत झोपलेला आढळावा, याहून लाजिरवाणी गोष्ट कोणती? ही मंडळी चाळीस धरली, तर एकंदर आकडा दोनशे चाळीस होतो. तो एकच आकडा यजमान, ठेकेदार आणि आचारी यांच्या हाती असावा आणि राखीव म्हणून जे काही धरावयाचे ते एकदाच धरावे. ती राखीवही शिजवलेली नसावी, कोरड्या शिध्याची असावी. न शिजलेला तांदूळ परत येतो. शिजलेला भात परत येत नाही.

पाण्याचा हिशेब तर कोणी करीतच नाही. उन्हाळ्यात माणशी रोज चार लिटर पिण्याचे पाणी धरले, तर दोन दिवसांस १,९२० लिटर लागेल. म्हणजे वीस लिटरचे ९६ जार. तेच अर्ध्या लिटरच्या बाटल्यांतून दिले, तर ३,८४० बाटल्या गावाच्या उकिरड्यावर पडतील. आंघोळ-धुण्यासह शहरी मापाने माणशी १३५ लिटर धरले, तर ६४,८०० लिटर, म्हणजे दहा हजार लिटरचे साडेसहा टँकर. कोकणात पाऊस धो धो पडतो, परंतु वैशाखात तेथील कित्येक वाड्या टँकरची वाट पाहत असतात आणि जलजीवन योजनेत खेड्यासाठी धरलेले माप माणशी ५५ लिटरच आहे. तेव्हा पाणी कोठून येणार, हे ठिकाण ठरवतानाच विचारावे.

प्रकृतीचा प्रश्न याहून नाजूक आहे. शिजलेले अन्न दोन तासांहून अधिक वेळ तसेच उघड्या हवेत ठेवू नये, गरम पदार्थ ६० अंशांच्या वर व थंड पदार्थ ५ अंशांच्या खाली ठेवावा, असा जागतिक आरोग्य संघटनेचा दंडक आहे. बासुंदी, श्रीखंड, खव्याची मिठाई आणि रात्रीचा उरलेला भात हे दमट किनाऱ्यावर दगा देणारे पदार्थ आहेत. शीतपेटी किती, वीज गेल्यास जनित्र आहे काय, पिण्याचा बर्फ आणि बाटल्या गार करण्याचा बर्फ वेगळा आहे काय, हे कोठीवाल्याने पाहावे. मधल्या वेळेस तळण्याचे घाणे लावण्यापेक्षा आमच्या रुखवताची योजना किती शहाणपणाची! लाडू, चकल्या, शंकरपाळे, चिवडा हे पदार्थ न नासता तीन दिवस टिकतात. पेयांत कोकमाचे सरबत, पन्हे आणि ताजा मठ्ठा यांहून उन्हाळ्यात हितकर दुसरे काय आहे? मधुमेही, तान्ही मुले व वृद्ध यांची यादी मात्र निराळी करावी.

काही घरी मद्यही ठेवतात. त्यांस कायद्याची आठवण देणे आमचे काम आहे. १९४९ च्या दारूबंदी कायद्यान्वये महाराष्ट्रात अशा समारंभास परवाना लागतो. आणि गोव्यात स्वस्त मिळते म्हणून परवान्यावाचून मोटार भरून इकडे आणणे हा अपराध आहे. मंगल कार्यासाठी निघालेल्या गाडीचा पंचनामा नाक्यावर व्हावा, ही शोभा नव्हे.

इतके करूनही अन्न उरेलच. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण कार्यक्रमाच्या २०२४ च्या अहवालाप्रमाणे २०२२ साली जगात १०५ कोटी टन अन्न वाया गेले. ग्राहकांपर्यंत पोचलेल्या अन्नाचा हा जवळजवळ पाचवा हिस्सा होय. उरलेले अन्न गोळा करून वाटण्यासंबंधी आपल्या अन्न सुरक्षा प्राधिकरणाचे २०१९ चे नियम आहेत. परंतु रात्री बारा वाजता आंबू लागलेली भाजी आश्रमाच्या दारी नेऊन टाकणे हे दान नव्हे. अन्न पातेल्यातच, ताटात वाढण्यापूर्वी बाजूस काढावे. नेणारी संस्था व वेळ आधी ठरवावी. आणि जे आपण स्वतः खाणार नाही ते दुसऱ्यास देऊ नये.

शेवटी खर्चाविषयी. पदार्थांची यादी बहुधा वरपक्ष वाढवतो आणि बिल वधुपिता भरतो. ‘घरचे झाले थोडे आणि व्याह्याने धाडले घोडे’ ही म्हण उगीच पडली नाही. यादीवर दोन्ही व्याह्यांची सही असावी आणि खर्च निम्मानिम्मा असावा, अशी आमची सूचना आहे. ज्याच्या खिशास झळ लागते, त्यास विसावा पदार्थ आपोआप अनावश्यक वाटू लागतो. येत्या लग्नसराईत आमच्या व्यापारी बंधूंनी दुकानातील वही लग्नमंडपात न्यावी, कोठीवर जाणते माणूस बसवावे आणि पाहुण्यास पोटभर, ताजे व वेळेवर जेवू घालून हा नवा पायंडा पाडावा, अशी आमची त्यांस आग्रहाची विनंती आहे.