मनीच्या पाठीवरची बाजरी

मी वाणिज्य शाखेची विद्यार्थिनी. जमाखर्च सोडून मांजराच्या कातडीवर लेख लिहिण्याचा अधिकार हिला कोणी दिला, असे कोणी विचारील. अधिकार काही नाही. पण दिवाळीनंतरच्या सुट्टीत भोपाळला आत्याच्या घरी जे घडले, ते पाहिल्यावर ज्यांच्या घरी मांजर आहे अशा वाचकांना चार गोष्टी सांगाव्यात असे वाटले.

आत्या आणि मामा (आत्याच्या यजमानांना आमच्याकडे मामाच म्हणतात) दिवाळीला बेळगावला आले होते. परत जाताना त्यांनी मलाही बरोबर नेले. गोवा एक्सप्रेसने भोपाळला उतरलो, तीन आठवडे बंद असलेले घर उघडले, आणि पाच मिनिटांत माझ्या घोट्यांना काहीतरी कडकडून चावू लागले. त्या पिसवा होत्या. कन्नडात चिगट, हिंदीत पिस्सू. शेजाऱ्यांकडे ठेवलेली मनी परत आणली, तर तिच्या मानेवरचे आणि शेपटीच्या मुळाशी असलेले केस विरळ झाले होते. पाठीवरून हात फिरवला की बोटांना बाजरीच्या दाण्यांसारख्या बारीक खपल्या लागत.

आत्या म्हणाली, "कुठल्या तरी बोक्याशी भांडली असेल." मामांनी मात्र बाजारातून कुत्र्याच्या पिसवांचे औषध आणले. दुकानदाराने "कुत्ता-बिल्ली सबको चलता है" असे सांगितले होते. रात्री मनीच्या मानेवर थेंब टाकले. पहाटे पाहतो तो मनी थरथर कापत होती, कान फडफडत होते, चालताना तोल जात होता. तेव्हा कुठे खोक्यावरची बारीक अक्षरे वाचली: फक्त कुत्र्यांसाठी, मांजरांवर वापरू नये. करारातील बारीक अक्षरे आधी वाचावीत, हे आम्हाला वर्गात शिकवतात. मी घरात असून ती वाचली नाहीत, ही चूक माझीही.

ओळखीच्या डॉक्टरांना फोन केला. त्यांच्या सांगण्यावरून कोमट पाणी आणि भांडी घासण्याचा सौम्य साबण यांनी मनीची मान धुतली, तिला टॉवेलात गुंडाळले आणि जहांगीराबादच्या सरकारी पशुचिकित्सालयात नेले. इंजेक्शने झाली. दोन दिवस आत्या जेवली नाही म्हटले तरी चालेल. तिसऱ्या दिवशी मनीने दूध सोडून माशाचा वास घेतला, तेव्हा आमच्या जिवात जीव आला.

डॉक्टरांचे एक वाक्य माझ्या लक्षात राहिले: "बिल्ली छोटा कुत्ता नहीं है." कुत्र्याच्या अनेक औषधांत पर्मेथ्रिन हे द्रव्य असते. कुत्र्याचे शरीर ते मोडून बाहेर टाकते. मांजराच्या यकृतात अशी द्रव्ये निरुपद्रवी करण्याची सोय फार अपुरी असते, म्हणून ते मज्जासंस्थेवर परिणाम करते आणि झटके येऊन मांजर दगावूही शकते. याच उणिवेमुळे आपण तापावर घेतो ती पॅरासिटामॉलची गोळी मांजराला विष ठरते, आणि फेनाईलने पुसलेली ओली फरशीही त्याला घातक ठरू शकते.

आता खपल्यांविषयी. पिसू रक्त पिताना आपली लाळ कातडीत सोडते. काही मांजरांना या लाळेचे वावडे असते. अशा मांजराला थोड्याशा चाव्यांनीही भयंकर खाज सुटते. ते चाटते, खाजवते, आणि खपल्या धरतात. इंग्रजी वैद्यकात या विकाराला मिलिअरी म्हणतात. त्याचे मूळ बारीक भरड धान्याच्या लॅटिन नावात आहे, म्हणजे आपली बाजरीची उपमा अगदीच चुकीची नव्हती. मांजर चाटता चाटता पिसवा गिळून टाकते, म्हणून अंगावर एकही पिसू न दिसता हा विकार असू शकतो. ओळखायचे कसे? बारीक दातांच्या फणीने केस विंचरावे आणि निघालेली काळी कणी ओल्या पांढऱ्या कागदावर टाकावी. भोवती तांबूस डाग पसरला तर ती पिसवांची विष्ठा, म्हणजे पचलेले रक्त. मात्र प्रत्येक खपली पिसवांचीच असे नाही. खरजेचे किडे, गजकर्ण किंवा एखादे अन्न न मानवणे हीही कारणे असतात. त्यांचा निवाडा डॉक्टरांनीच करावा.

पण तीन आठवडे बंद घरात पिसवा आल्या कुठून? हिशेबाच्या भाषेत सांगायचे तर मांजराच्या अंगावरच्या पिसवा ही गल्ल्यातली रोकड. खरा माल गोदामात असतो. मादी दिवसाला ४० ते ५० पर्यंत अंडी घालते. ती अंगावरून घरंगळून सतरंजीत, गादीत, फरशीच्या फटीत पडतात. अळ्या अंधारात वाढतात आणि तीच काळी विष्ठा खातात. पुढे त्या कोश विणतात. कोशातली पिसू महिनोन्महिने वाट पाहू शकते. पावलांचा हादरा, अंगाची ऊब, श्वासातला कार्बन डायऑक्साइड जाणवला की ती बाहेर पडते. आम्ही कुलूप उघडले, आणि तेच झाले. भोपाळच्या कोरड्या मे महिन्यात अंडी-अळ्या वाळून मरतात. पावसाळ्यातल्या दमट उबेत त्यांचे फावते. म्हणून हा उपद्रव पावसाळ्यात आणि त्यानंतर वाढतो.

यावरून उपायही उघड आहे. मांजराचे अंथरूण दर आठवड्याला कढत पाण्यात धुवावे. कोपरे, फटी, सोफ्याखालची जागा रोज झाडावी. घरातल्या सर्व कुत्र्यामांजरांवर एकाच वेळी उपचार करावा, पण प्रत्येकाला त्याचे औषध, वजन सांगून, डॉक्टरांकडून. कोश शिल्लक असतात, म्हणून निदान तीन महिने उपचार थांबवू नये. पिसवांतून मांजराला पट्टकृमी होतात आणि लहान पिल्ले रक्तक्षयाने मरूही शकतात, तेव्हा "मांजर म्हटले की पिसवा असायच्याच" असे म्हणून सोडून देऊ नये.

मनीच्या पाठीवर आता केस आले आहेत. ते खोके मात्र मामांनी फेकलेले नाही. औषधांच्या कपाटात ते समोरच ठेवले आहे, बारीक अक्षरांची बाजू पुढे करून.